स्वयंपाकघरातून पाहिलेली फायनल

सुजीतचा फोन आला तेव्हा मी माझ्या मुलाच्या, तनिषच्या ऑनलाइन शाळेसाठी घरातला एक तरी चालू हेडफोन सापडतो का ते बघत होते. दोन हजार वीसचा डिसेंबर. दुबईत अल बर्शातल्या आमच्या फ्लॅटमध्ये त्या वर्षी तनिषची पहिली, माझ्या नवऱ्याचं, सतीशचं ऑफिस, सासऱ्यांचा योगासनांचा वर्ग आणि माझी काळजी असे चार उद्योग एकाच वायफायवर चालत. त्यातली काळजी तेवढी वायफाय गेलं तरी बंद पडत नसे.

"वहिनी, बसलीयेस का?"

"उभी आहे. बोल."

"मी फायनल खेळतोय."

सुजीत हा माझा धाकटा दीर. मी लग्न होऊन इथे आले तेव्हा तो शाळेत होता. दुबईत कुठली मेट्रो कुठे जाते आणि 'इन्शाल्ला'चा अर्थ 'नाही' कधी असतो, हे मला त्यानेच शिकवलं. पुढे तो इंजिनिअरिंगला अमेरिकेत गेला आणि तिथे कॉलेजच्या फुटबॉल संघात अर्ज करून घुसला. हा फुटबॉल म्हणजे आपला नव्हे. यात अंड्याच्या आकाराचा चेंडू हातात घेऊन पळतात, शिरस्त्राणं घालून एकमेकांवर आदळतात, आणि चेंडूला पाय लावायला वेगळा माणूस ठेवलेला असतो. तो किकर. सुजीत शाळेत लाथा उत्तम मारायचा, म्हणून त्याला किकर म्हणून घेतलं, पण तिसरा. म्हणजे पहिले दोघे धडधाकट असेपर्यंत याने कडेला उभं राहून टाळ्या वाजवायच्या.

त्या वर्षी धडधाकट कोण होतं? त्यांचा मोसम आधी रद्द झाला, मग सुरू झाला, मग निम्मे सामने कुणा ना कुणाच्या पॉझिटिव्ह येण्याने गळाले. उरलेल्या सामन्यांच्या जोरावर सुजीतचं कॉलेज त्यांच्या कॉन्फरन्सच्या, म्हणजे दहा-बारा कॉलेजांच्या गटाच्या, फायनलला पोचलं. आणि फायनलच्या तोंडावर पहिला किकर पॉझिटिव्ह आला. दुसरा त्याचा रूममेट.

"म्हणजे तू टीव्हीवर दिसणार?" मी विचारलं.

"दिसणार! नॅशनल टीव्ही, वहिनी!"

तो पुढे काही बोलला आणि मध्येच आवाज गेला. मग परत आला. तेच मला खुपत होतं. ऑक्टोबरात सुजीतला कोविड झाला होता. "माइल्ड होता," असं तो म्हणाला. परक्या गावात, हॉस्टेलच्या एका खोलीत, दाराबाहेर ठेवलेलं डब्यातलं जेवण खात तो किती माइल्ड होता ते त्याचं त्यालाच ठाऊक. तेव्हापासून त्याने व्हिडिओवर बोलणं सोडलं होतं. नेटवर्क नाही, चार्जिंग नाही, रूममेट झोपलाय. आणि बोलताना तो अधूनमधून स्वतःला म्यूट करायचा. बाकीच्यांना ते नेटवर्क वाटायचं. मला लहान मूल आहे. खोकला लपवणारा माणूस मी दुसऱ्या खोलीतून ओळखते.

सासूबाईंना हे मी सांगितलेलं नव्हतं. पण त्यांना ते न सांगता कळलेलं होतं, हे मला कळलेलं होतं. रोज फोन ठेवला की त्या एकच वाक्य म्हणायच्या, "एकदा डोळ्यांनी दिसू दे." विमानं धड नव्हती, त्यांचं वय आणि मधुमेह दोन्ही प्रवासाला नको म्हणत होते. त्यामुळे फायनलची बातमी सांगितली तेव्हा त्यांनी 'कोण जिंकेल' वगैरे काही विचारलं नाही. म्हणाल्या, "म्हणजे चेहरा दिसेल?"

"दिसेलच की आई," मी म्हणाले.

या एका वाक्याने मी घराची मॅच-मंत्री झाले.

पहिली अडचण: तो चॅनेल आमच्या पॅकेजमध्ये नव्हता. यात आमच्या पॅकेजचा दोष नाही. सतीशने ते क्रिकेट, मराठी आणि कार्टून या तीन धर्मांना धरून घेतलेलं होतं. समोरच्या फ्लॅटमधले लाहोरचे शाहबाजभाई हे या विषयातले जाणकार. मास्क हनुवटीला लावून त्यांनी आपल्या दारातूनच सल्ला दिला, "भाभी, कस्टमर केअर को फोन मत करना. बंदा बूढ़ा हो जाता है." आणि खालच्या मजल्यावरच्या मैमुनाबी, मूळच्या दापोलीच्या, फोनवर म्हणाल्या, "अगो, अमेरिकेतल्या मॅचीसाठी चॅनेल कशाला घेतंस? पोराक सांग मोबाईलवर काडून पाठव." पोरगा मैदानात असताना शूटिंग कोण करणार, हा प्रश्न त्यांना किरकोळ वाटला.

मी कस्टमर केअरला फोन केला. माझा कॉल त्यांच्यासाठी महत्त्वाचा आहे असं एक बाई मला बराच वेळ सांगत राहिली. मग खरा माणूस आला आणि म्हणाला की पॅकेज बदलेल, फक्त अकाउंट होल्डरच्या मोबाईलवर ओटीपी येईल.

"पाठवा."

"मिस्टर फहदच्या मोबाईलवर पाठवू?"

आता हे फहद कोण, तर आमच्या घरमालकाचे पुतणे. आम्ही घर भाड्याने घेतलं तेव्हा इंटरनेट आणि टीव्ही त्यांच्या नावावर चालू होता. सतीशने महिन्याचे पैसे भरायला सुरुवात केली आणि नाव बदलायचं 'पुढच्या आठवड्यावर' टाकलं. त्या पुढच्या आठवड्याला आता पाच वर्षं होत आली होती. म्हणजे माझ्या मुलाची शाळा, नवऱ्याची नोकरी आणि सासूबाईंच्या सगळ्या मालिका कायद्याने फहद बघत होते.

"मी करणारच होतो," सतीश म्हणाला. हे वाक्य आमच्या घरी देवाच्या फोटोसारखं कायम लटकलेलं असतं.

फहद उम्म अल कुवैनला राहत. फोनवर फार गोड बोलले, पण ओटीपी सांगेनात. रोज बँकांचे, पोलिसांचे मेसेज येतात, कुणालाही ओटीपी सांगू नका. आणि ते नियमाचे पक्के. "यू कम हिअर, सिस्टर. आय शो यू. ड्रिंक कॉफी."

तेव्हा एका ओटीपीसाठी आम्ही शारजा ओलांडून उम्म अल कुवैनला गेलो. मी, सतीश, आणि पर्समध्ये सॅनिटायझरच्या तीन बाटल्या. समुद्राच्या बाजूला एका पार्किंगमध्ये फहद आपल्या गाडीपाशी उभे, आम्ही आमच्या. मध्ये मी डोळ्यांनी मोजलेलं अंतर. कॉफी आणि खजूर त्यांनी गाडीच्या बॉनेटवर ठेवले आणि मागे सरकले. आम्ही पुढे झालो, घेतले आणि मागे सरकलो. लांबून बघणाऱ्याला वाटलं असतं, दोन देश कैद्यांची अदलाबदल करतायत. मग सतीशने कस्टमर केअरला फोन लावला, फहदच्या मोबाईलवर ओटीपी आला, त्यांनी मोबाईल हात लांब करून धरला आणि मी मान लांब करून आकडे वाचले. तेवढ्यात स्क्रीन काळी झाली. परत ओटीपी. या वेळी आकडे आले ते कळायच्या आत कस्टमर केअरचा फोन तुटला. तिसऱ्यांदा जमलं.

"विच मॅच?" फहदनी विचारलं. मी सांगितलं. अंड्यासारखा चेंडूही हाताने काढून दाखवला.

"धिस इज नॉट फुटबॉल," ते गंभीरपणे म्हणाले. मग मी सुजीतच्या आजारपणाचं आणि सासूबाईंचं सांगितलं. तेव्हा ते उरलेल्या खजुरांचा डबा बॉनेटवर ठेवून मागे सरकले. "फॉर द मदर," म्हणाले.

सामना तिकडे शनिवारी रात्री, म्हणजे आपल्याकडे रविवारी पहाटे पाचला. तेव्हा इथे सुटी शुक्रवार-शनिवारची असायची, त्यामुळे रविवार हा सणसणीत कामाचा दिवस. शाळा पावणेआठला. शाळेचा नियम: कॅमेरा बंद म्हणजे मूल गैरहजर. बाकीच्या आया या नियमावर चिडलेल्या होत्या. मला मात्र तो पटायचा. आदल्या दिवशीपर्यंत सामना होणार की नाही याचाही पत्ता नव्हता. सगळ्या खेळाडूंची शेवटची टेस्ट व्हायची होती. संध्याकाळी सुजीतचा मेसेज आला, 'निगेटिव्ह. गेम ऑन.' सासूबाईंनी तो माझ्याकडून दोनदा वाचून घेतला.

पहाटे त्या आंघोळ करून, देवापाशी दिवा लावून, ठेवणीतली शाल पांघरून सोफ्यावर बसल्या होत्या. सासरे त्यांच्या खुर्चीत. सतीशने टीव्ही अर्धा तिरका करून दाराकडे वळवला होता, कारण बाहेरच्या माणसांना घरात घ्यायची सोय नव्हती. शाहबाजभाई आपल्या दारात स्टूल टाकून बसले. दोन्ही दारं सताड उघडी, मध्ये कॉरिडॉर. मैमुनाबींनी घावन्यांचा डबा लिफ्टमध्ये ठेवून आमच्या मजल्याचं बटण दाबलं. लिफ्टचं दार उघडलं तर आत फक्त डबा, स्वतःच्या पायाने आल्यासारखा. त्या वर्षी असे पाहुणे आम्हाला फार आवडायचे.

आणि संघ मैदानात आले.

मी सोफ्याच्या हातावर बसले होते. पडद्यावर शंभरेक मुलं धावत आली. सगळ्यांच्या डोक्यावर शिरस्त्राण, तोंडापुढे जाळी, जाळीच्या आत आणखी काहीबाही. रिकाम्या स्टेडियममध्ये खुर्च्यांवर प्रेक्षकांचे पुठ्ठ्याचे फोटो बसवलेले. पुठ्ठ्यांचे चेहरे स्वच्छ दिसत होते, माणसांचे दिसत नव्हते.

सासूबाई माझ्याकडे वळल्या. "यातला आपला कुठला?"

"ही इज इनसाइड द हेल्मेट, आजी," तनिष म्हणाला. तो पायजम्यावर शाळेचा शर्ट घालून तयार होता.

आम्हाला कळेपर्यंत बराच खेळ झाला. या खेळात माणसं काही सेकंद भांडतात आणि काही मिनिटं त्यावर चर्चा करतात. सासऱ्यांना तो आमच्या जुन्या सोसायटीच्या सभेसारखा वाटला आणि ते रमले. मग कधीतरी सगळे बाजूला झाले आणि एक किरकोळ मुलगा धावत आला. धावण्यावरूनच मी ओळखला. डावा खांदा किंचित पुढे. "सुजीत!" आम्ही ओरडलो. चेंडू मांडला गेला, त्याने लाथ मारली. चेंडू उंच गेला, पिवळ्या खांबाला लागून बाहेर पडला. आणि आम्ही 'अरेरे' म्हणेपर्यंत तिथे एका ट्रकची जाहिरात लागली.

"एवढंच?" सासूबाई म्हणाल्या.

"अजून येईल तो," सतीश म्हणाला.

मी चहा टाकायला आत गेले. तिकडे सुजीतच्या संघाने चेंडू पलीकडे नेला आणि त्यानंतरच्या जादा गुणासाठी सुजीत पुन्हा आला. मी बाहेर धावणार, तेवढ्यात दूध वर आलं. गॅस बंद करते तो बाहेर आरडाओरडा. चेंडू बरोबर दोन खांबांच्या मध्ये. कॉरिडॉरमधून शाहबाजभाईंच्या टाळ्या.

मी चहा घेऊन बाहेर आले तर सासऱ्यांनी हात वर केला. ट्रॅफिक पोलीस करतो तसा.

"उर्मिला, तू आतच थांब."

"का बाबा?"

"तू बाहेर होतीस तेव्हा खांबाला लागला. आत गेलीस, आणि बघ."

आता ज्यांच्या घरी क्रिकेट बघतात त्यांना हे समजावून सांगायला नको. आमच्या घरी आपला फलंदाज मारायला लागला की तो आउट होईपर्यंत कुणी कूस बदलत नाही. एकदा भारताची जोडी जमली म्हणून सतीश सबंध संध्याकाळ बाथरूमच्या दारात उभा होता. हा कायदा अंड्याच्या चेंडूला लागू होतो का, हा प्रश्न मी विचारला. "भाभी, बुज़ुर्ग ठीक कह रहे हैं," कॉरिडॉरमधून निकाल आला. या बाबतीत दोन्ही देशांचं एकमत आहे, हे त्या दिवशी कळलं.

मी सासूबाईंकडे बघितलं. त्यांनी नजर चुकवली. त्यांनी 'राहू दे तिला' म्हटलं असतं, तर मी राहिले असते बाहेर.

तर ज्या बाईने कस्टमर केअर सोसलं, उम्म अल कुवैनच्या पार्किंगमध्ये मान लांब केली, तिने ती फायनल ओट्याजवळ उभं राहून कानांनी पाहिली. मी कांदा चिरला. गरज नव्हती, पण चिरला. डोळ्यांत पाणी आलं त्याचं कारण त्यामुळे कुणाला सांगावं लागलं नाही. बाहेर सुजीत पुन्हा आला, पुन्हा लाथ मारली, पुन्हा आत. पुन्हा टाळ्या. पुन्हा ट्रक. आणि माझी शिक्षा कायम.

"चेहरा दिसला का?" मी आतून विचारलं.

"कुठला ग," सासूबाई म्हणाल्या. "गोल झाला की लगेच गाड्याच दाखवतात मेले."

पावणेआठला शाळा सुरू झाली आणि टीव्ही अडखळायला लागला. तनिषच्या टॅबलेटवर सगळी पहिली हजर, त्यांचे सगळ्यांचे कॅमेरे चालू. बाहेरचं चित्र थबके, माणसं हवेत लटकत, मग एकदम पुढे उडी मारत. सतीश म्हणाला तनिषचा कॅमेरा बंद करू. "टीचर विल मार्क मी ॲब्सेंट," तनिष ओरडला. मग सतीशने स्वतःच्या ऑफिसला 'अंगात कणकण आहे' असा मेसेज टाकून आपला लॅपटॉप बंद केला. डिसेंबर दोन हजार वीसमध्ये कणकण म्हटल्यावर कुणी प्रश्न विचारत नसे. उलट लांब राहा म्हणत.

शेवटची काही सेकंदं. सुजीतचा संघ दोन गुणांनी मागे. त्याची एक लाथ तीन गुणांची. हे सगळं मला शाहबाजभाईंच्या चढत्या आवाजावरून समजत होतं. "आ गया! लड़का आ गया!" आणि मग एकदम शांत.

"काय झालं?" मी ओरडले.

"समोरच्यांनी टाइम-आउट घेतला," सतीश म्हणाला. "मुद्दाम. किकरने उभं राहून घाबरावं म्हणून."

मला तो दिसत नव्हता. पण तो तिथे थंडीत एकटा उभा आहे आणि सगळे त्याच्या घाबरण्याची वाट बघतायत, एवढं कळलं. मी सुरी खाली ठेवली. बाहेर जायचं नाही, असं स्वतःला बजावत ओटा धरून उभी राहिले. माझ्या पायामुळे पोराची लाथ हुकायला नको. कॉलेज शिकलेली बाई मी, पण त्या क्षणी मला तसंच वाटत होतं.

तेवढ्यात सासूबाई आत आल्या.

"तू जा बाहेर," त्या म्हणाल्या. "मी थांबते इथे. आत कुणीतरी बाई असली म्हणजे झालं."

"आई, अहो, तुमचा मुलगा आहे तो. तुम्ही बघा."

"मला कुठे कळतंय काही? इतका वेळ बघतेय, नुसत्या टोप्या. तू नीट बघतेस. तुला बघितल्या बघितल्या कळतं. जा, आणि मला सांग."

म्हणजे लपवलेला खोकलाही मी ओळखते, हे त्यांना ठाऊक होतं तर.

"अनुराधा! सुरू होतंय!" सासऱ्यांनी बाहेरून सासूबाईंना हाक मारली.

मी त्यांचा हात धरला. स्वयंपाकघराची फरशी संपून हॉलची सुरू होते तिथे ॲल्युमिनियमची एक पट्टी आहे. त्या पट्टीवर आम्ही दोघी उभ्या राहिलो. टाचा आत, बोटं बाहेर.

"हे आत की बाहेर?" सासऱ्यांनी हरकत घेतली.

"तुम्ही समोर बघा," सासूबाई म्हणाल्या.

चेंडू मांडला. तो दोन पावलं धावला. लाथ बसली, चेंडू उठला, सरळ निघाला, आणि अगदी शेवटी, काही कारण नसताना, डावीकडे कलला. खांबाच्या बाहेर.

पलीकडचे सगळे नाचायला लागले. कॉरिडॉरमध्ये स्टूल पडल्याचा आवाज आला. सासऱ्यांनी कपाळाला हात लावला.

पण या वेळी ट्रक आला नाही.

कॅमेरा सुजीतवर गेला आणि तिथेच थांबला. गोल करणाऱ्याला चार सेकंदं देणारी ती माणसं हुकलेल्या पोराला सोडेनात. तो जागच्या जागी उभा राहिला. हात वर गेले. हनुवटीचा पट्टा सुटला, आणि शिरस्त्राण निघालं.

गाल बसले होते. डोळ्यांखाली काळं. दाढी वाढवलेली, ती बसलेले गाल झाकायला हे उघड होतं. केस पार बारीक कापलेले, तरी कानांवरून विरळ झालेले दिसत होते. अमेरिकेतल्या लोकांना त्या चेहऱ्यात पराभव दिसला असेल. मी त्याच्या तोंडाकडे बघत होते. तिथे थंडी होती, दिव्यांच्या उजेडात त्याच्या श्वासाची वाफ दिसत होती. लांब, सावकाश, एकामागून एक. धाप नव्हती. छाती वर-खाली होत होती ती धावलेल्या माणसाची, आजारी माणसाची नव्हे.

"वाळलाय," सासूबाई हळूच म्हणाल्या.

"वाळलाय. पण श्वास बघा आई. श्वास चांगला आहे."

त्यांनी बघितलं. माझा हात त्यांनी इतका घट्ट धरला होता की बांगडी रुतली.

त्याच्या पाठीवर थाप मारत संघातली मुलं आली, कुणीतरी मास्क नाकावर ओढून त्याच्याशी बोललं, आणि मगच ट्रक आला.

"पट्टीवर उभं राहायला नको होतं," सासरे थोड्या वेळाने म्हणाले.

"मीच नेली तिला," सासूबाई म्हणाल्या. विषय संपला. शाहबाजभाईंनी "नसीब" म्हणून आपलं दार लावून घेतलं. तनिषच्या खोलीतून सगळी पहिली फळांची नावं म्हणत होती.

आम्ही दुपारचं जेवण उरकत असताना फोन वाजला. व्हिडिओ. सतीशने टेबलावरच्या बरणीला टेकवला. सुजीत हॉटेलच्या पलंगावर, टॉवेल गुंडाळून, तेच बसलेले गाल, तीच दाढी.

"आई, हुकला ग. पूर्ण अमेरिकेने बघितलं."

"आम्ही पण बघितलं," सासूबाई म्हणाल्या. "चांगला वेळ दाखवला तुला. आधी दोनदा बरोबर मारलास तेव्हा मेल्यांनी ढुंकून पाहिलं नाही."

तो बघतच राहिला. मग हसायला लागला. हसता हसता त्याला ठसका लागला आणि त्याचा अंगठा सवयीने स्क्रीनकडे आला. तिथेच थांबला. तो आमच्यासमोर खोकला, उघडपणे, दोन-तीनदा.

मी घास हातात धरून ऐकला. थंडीचा होता. कोरडा, साधा, ओरडून बसलेल्या घशाचा.

सासूबाई फोनकडे बघत नव्हत्या. माझ्याकडे बघत होत्या. मी 'ठीक आहे' अशी मान हलवली. तेव्हा त्या उठल्या, पट्टी ओलांडून आत गेल्या, आणि सकाळचं उरलेलं दूध पुन्हा तापत ठेवलं.